जात चोरलेली माणसं आणि अमेरिकेतलं ‘पासिंग’

उंबरठा | शुक्रवार, रात्री ११:१०

आमच्या गावात (ओहायो, चहूकडे मका आणि सोयाबीन, मध्ये एक ग्रंथालय) महिन्यातून एकदा वाचनकट्टा भरतो. दहा-बारा जण येतात, बहुतेक निवृत्त. मी एकटीच देशी. काल ब्रिट बेनेटची ‘द व्हॅनिशिंग हाफ’ (२०२०) होती. न वाचलेल्यांसाठी थोडक्यात सांगते. रसभंग होणार आहे, नंतर ओरडू नका.

लुइझियानात मॅलर्ड नावाचं एक कल्पित गाव आहे. गावातले सगळे कृष्णवर्णीय, पण रंगाने इतके उजळ की परक्याला पत्ता लागू नये. पिढ्यानपिढ्या उजळ बघूनच लग्नं जमवत आलेले. (इथे मी पुस्तक मिटून पाणी पिऊन आले. स्थळं बघताना आपल्याकडे काय काय बोलतात ते आठवलं.) या गावातल्या जुळ्या बहिणी, डेझिरे आणि स्टेला, १९५४ साली सोळाव्या वर्षी न्यू ऑर्लिन्सला पळून जातात. स्टेलाला तिथे एका मोठ्या दुकानाच्या ऑफिसात नोकरी लागते, कारण तिथले लोक तिला गोरी समजतात आणि ती त्यांची चूक दुरुस्त करत नाही. पुढे साहेबाशी लग्न, लॉस एंजेलिस, अंगणात पोहायचा तलाव, सोनेरी केसांची मुलगी. नवऱ्याला गंध नाही. डेझिरे मात्र १९६८ मध्ये काळ्यासावळ्या मुलीचा हात धरून मॅलर्डला परत येते आणि गाव तिच्या मुलीकडे बघतच राहतं.

याला इथे ‘पासिंग’ म्हणतात. गोरा म्हणून खपून जाणं. गुलामगिरीच्या काळापासून चालत आलेलं आहे, आणि दक्षिणेत सगळीकडे गोऱ्यांचे आणि काळ्यांचे डबे, नळ, शाळा वेगळे झाल्यावर त्याला जास्तच धार आली. आपल्या पूर्वजांत एक जरी कृष्णवर्णीय असला तरी तुम्ही कृष्णवर्णीय, हा ‘एका थेंबाचा’ नियम. व्हर्जिनियाने १९२४ मध्ये त्याचा कायदाच केला.

मला कादंबरीत काय चटका लावून गेलं सांगते. स्टेला पकडली जाईल का, ही भीती नाही. तिला आईला फोन करता येत नाही, हे. नंबर पाठ आहे, फोन समोर आहे, पण नवऱ्याला सांगितलंय की माझं कोणी उरलेलं नाही. खोटं एकदाच बोललं, पण ते रोज पाळावं लागतं.

चर्चा रंगली. शेवटी एका बाईंनी, कृष्णवर्णीय आहेत, ऐंशीच्या पुढच्या, मला सहज विचारलं, “तुमच्या देशात असं काही असतं का गं?” मी म्हणाले, “नाही.”

पार्किंगमध्ये येऊन गाडी सुरू केली आणि बाबूराव बागुल आठवले. ‘जेव्हा मी जात चोरली होती’. १९६३. शीर्षकातच सगळं आहे आणि मी नाही म्हणून मोकळी झाले. का म्हणाले असेन? कालपासून डोक्यात तेच आहे म्हणून हा धागा.

---

दुपारचाचहा | शुक्रवार, रात्री ११:३२

रुमाल टाकून ठेवते. उद्या सविस्तर.

---

खडूस | शनिवार, सकाळी ८:०५

लेख बरा आहे, पण तुलना ओढूनताणून वाटते. वर्ण दिसतो, जात दिसत नाही. दिसणारी गोष्ट लपवणं आणि न दिसणारी न सांगणं यात फरक आहे. शिवाय कादंबरी म्हणून ‘व्हॅनिशिंग हाफ’ मला अर्धीच आवडली. एवढ्या मोठ्या लॉस एंजेलिसमध्ये डेझिरेची मुलगी पार्टीत वाढपी म्हणून जाते आणि नेमकी मावशीच समोर! जत्रेत हरवलेल्या जुळ्यांचे सिनेमे बघून मोठे झालो आपण, निदान तिथे लॉकेट तरी असायचं.

---

तळटीप | शनिवार, सकाळी ९:४७

खडूसराव, योगायोगाबद्दल सहमत. पण वर्ण दिसतो हे तुमचं गृहीतक या सगळ्या कादंबऱ्या मुळातूनच खोडतात. दिसत असता तर पासिंग झालंच नसतं.

त्याचं एक खरं उदाहरण देतो. १९२४ मध्ये न्यूयॉर्कमधल्या लिओनार्ड किप ऱ्हाइनलँडर या बड्या घराण्यातल्या मुलाने अ‍ॅलिस जोन्स या मोलकरणीशी लग्न केलं. बोभाटा झाला, बापाने दडपण आणलं आणि महिन्याभरात पोराने विवाह रद्द व्हावा म्हणून दावा लावला. म्हणणं काय, तर तिने आपला वंश लपवून मला फसवलं. १९२५ मध्ये व्हाइट प्लेन्सला खटला चालला. तिच्याच वकिलाने तिला एका खोलीत नेऊन ज्यूरीसमोर कपडे उतरवायला लावले. अंगाचा रंग पाहा आणि सांगा, नवऱ्याला कळलं नसेल का? ज्यूरीने अ‍ॅलिसच्या बाजूने निकाल दिला. खटला जिंकली आणि जे व्हायचं ते झालंच होतं. ‘दिसणारी’ गोष्ट ठरवायला बारा पुरुषांसमोर बाई उघडी करावी लागली, एवढी ती दिसत होती.

या खटल्याचा उल्लेख नेला लार्सनच्या ‘पासिंग’ (१९२९) या छोट्या कादंबरीत येतो. उंबरठाताई, ती जरूर वाचा, दीडशे पानांच्या आतबाहेर आहे. बालपणीच्या दोन मैत्रिणी शिकागोत एका हॉटेलच्या गच्चीवर चहा पिताना अचानक भेटतात, दोघीही त्या क्षणी गोऱ्या म्हणून बसलेल्या. एकीचं ते दुपारपुरतं, उन्हाचा त्रास झाला म्हणून. दुसरीचं जन्माचं. बेनेट मागे वळून लिहिते, त्यामुळे तिला सगळं नीट मांडता येतं. लार्सन त्याच हवेत श्वास घेत होती. तिची आई डॅनिश, बाप वेस्ट इंडीजकडचा. पुढे आई, गोरा सावत्र बाप आणि गोरी सावत्र बहीण अशा घरात ही एकटी सावळी. न्यूयॉर्कमधल्या हार्लेम या कृष्णवर्णीयांच्या वस्तीतल्या ग्रंथालयात नोकरी केली, दोन कादंबऱ्या लिहिल्या, नाव झालं. मग एका कथेवरून वाङ्मयचौर्याचा आरोप झाला, पुढे तिने काही छापलं नाही. नर्सची नोकरी करत राहिली आणि १९६४ मध्ये वारली तेव्हा साहित्यविश्व तिला विसरलेलं होतं.

---

हिंगाष्टक | शनिवार, सकाळी १०:२०

तळटीप, तुमचा प्रतिसाद म्हणजे लेखाच्या पोटात लेख. वाचनखूण साठवली.

मी थोडं हलकं करतो. उलट्या दिशेचं पासिंग ऐकलंय का? १९४९ मध्ये लॉस एंजेलिसच्या टीव्हीवर कोर्ला पंडित नावाचा ऑर्गनवादक आला. डोक्यावर फेटा, फेट्यात मोठं रत्न, डोळे काजळ घातल्यासारखे, कॅमेऱ्यात रोखून बघत वाजवायचा. बायका फिदा. सांगायचा की जन्म नवी दिल्लीचा, वडील ब्राह्मण, आई फ्रेंच गायिका. १९९८ मध्ये वारला. २००१ मध्ये एका मासिकाने छापलं की हा मिसुरीतला जॉन रोलंड रेड, कृष्णवर्णीय कुटुंबातला, बाप पाद्री. पन्नास वर्षं पंडित म्हणून जगला!

गंमत म्हणजे त्या कार्यक्रमांत तो एक शब्दही बोलायचा नाही. नुसतं वाजवायचा. लोकांना वाटायचं पूर्वेचं गूढ वगैरे. मला वाटतं साधं गणित आहे, तोंड उघडलं की प्रश्न येतात. काल रात्री बराच वेळ त्याच्या चित्रफिती बघत बसलो. झोप आली नाही.

---

काकू_न्यूजर्सी | शनिवार, दुपारी १२:१५

अगं बाई, पंडित! आमच्या शेजारच्या आजीकडे त्याची जुनी तबकडी होती की. आता कळलं.

मला वाटतं हे तुटलेपण सगळ्याच स्थलांतरितांचं आहे. माझा मुलगा संजय इथे ‘सॅम’ झाला. फोनवर त्याचे उच्चार ऐकले की मलाच परकं वाटतं. आपणही एका अर्थी पासच होतो ना गं?

---

खडूस | शनिवार, दुपारी १२:४०

आला सॅम. प्रत्येक धाग्यावर येतो.

---

दुपारचाचहा | शनिवार, संध्याकाळी ६:३०

सविस्तर लिहीन म्हटलं होतं. माझा मुद्दा भाषेचा आहे.

‘पास’ होणं म्हणजे पलीकडे जाणं, खपून जाणं, परीक्षा पास होण्यातलंही तेच. इंग्रजीत दोष बघणाऱ्याच्या डोळ्यांचा राहतो. बागुलांनी मराठीत शब्द वापरला ‘चोरली’. लपवली म्हणाले असते तरी चाललं असतं. जात ज्याची त्याचीच, मग चोरायची कोणाकडून?

मग आपण हे क्रियापद आणखी कुठे वापरतो ते आठवून पाहिलं. नजर चोरणे. पाय चोरणे. अंग चोरून बसणे. गर्दीच्या एसटीत कोणाला धक्का लागू नये म्हणून खांदे आत घेऊन, कोपर बरगड्यांना चिकटवून बसतो ते अंग चोरणं. स्वतःचंच अंग, पण असल्या जागी कमी करायचं. बागुलांच्या मनात हेच होतं असा दावा नाही माझा, पण एकदा असं वाचल्यावर मला त्या शीर्षकात गुन्हा ऐकू येईना, आक्रसणं ऐकू यायला लागलं.

या कथासंग्रहाचा इंग्रजी अनुवाद जेरी पिंटोंनी केला आहे, २०१८ मध्ये आला, शीर्षक ‘व्हेन आय हिड माय कास्ट’. ‘लपवली’च झालं. अनुवादकाचा दोष नाही. इंग्रजीत जात ‘स्टील’ केली म्हटलं असतं तर वाचकाला वाटलं असतं की दुसऱ्याची पळवली.

कथा थोडक्यात: निवेदक रेल्वेच्या नोकरीसाठी गुजरातेत उधन्याला येतो. नव्या उमेदीचा, कविता करणारा, स्वातंत्र्य आलंय तर आता सगळं बदलेल असं मानणारा. खोली मिळावी म्हणून जात सांगत नाही. सहकारी त्याला मान देतात, घरी जेवायला बोलावतात, आणि तो जेवताना घामाघूम. दुसरीकडे काशिनाथ, त्याच्याच जातीचा, जो जात उघड सांगतो आणि कमरेला सुरा बाळगतो. शेवटी बिंग फुटतं, मार बसतो, काशिनाथच सोडवतो. त्या दोघांची जोडी बघा आणि स्टेला-डेझिरेची बघा.

---

उंबरठा | शनिवार, रात्री ८:१०

दुपारचाचहा, ‘अंग चोरणे’ वाचून थबकले. हे मी पुढच्या कट्ट्याला तिथे सांगणार आहे. कसं सांगायचं ते माहीत नाही.

---

तळटीप | रविवार, सकाळी ७:५५

अमेरिका आणि आपण यांच्यातला दुवा शोधायला बागुलांच्याही मागे जाता येतं.

बाबासाहेब १९१३ ते १९१६ न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात होते, पुढे लंडन. १९१७ मध्ये परतून बडोदा संस्थानच्या नोकरीत रुजू व्हायला गेले. त्यांच्या ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आठवणींत तो प्रसंग आहे. पाच वर्षं परदेशात राहून आपण अस्पृश्य आहोत ही जाणीवच पुसून गेली होती, असं ते लिहितात. बडोद्याच्या स्टेशनवर उतरल्यावर प्रश्न पडला, जायचं कुठे? हिंदू खाणावळी घेणार नाहीत. शेवटी पारशांची एक धर्मशाळा सापडली, पण ती फक्त पारशांसाठी. राखणदाराशी तडजोड झाली, नोंदवहीत पारशी नाव लिहायचं. वरच्या मजल्यावर एकटेच, पडक्या सामानाच्या अडगळीत राहिले. अकराव्या दिवशी डझनभर पारशी काठ्या घेऊन जिन्यावर आले. संध्याकाळपर्यंत खोली खाली करायला लावली. शहरात कोणी जागा देईना. बागेत बसून गाडीची वेळ होण्याची वाट पाहिली आणि मुंबईला परतले.

म्हणजे जो माणूस हार्लेमच्या हाकेच्या अंतरावर राहून आला, त्याला मायदेशी आल्यावर पास व्हावं लागलं. पुढे १९४६ मध्ये त्यांनी अमेरिकेतले कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉईस यांना पत्र लिहिलं. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांचं गाऱ्हाणं संयुक्त राष्ट्रांपुढे मांडलं जातंय असं कळलं, त्याच्या प्रती हव्या होत्या. ड्यू बॉईस यांचं उत्तरही आलं. तुलना ओढूनताणून आहे की नाही हे त्या दोघांनी आपापसांत केव्हाच मिटवलंय.

---

खडूस | रविवार, सकाळी ९:१२

ठीक. हा दुवा मान्य. बडोद्याचं शाळेत कधीतरी वाचलं होतं, अमेरिकेशी जोडून कधी बघितलं नाही.

पण दुसरी बाजूही येऊ द्या. आपले लोक तिकडे गोऱ्यांत बसायला निघालेच होते की. भगतसिंग थिंड.

---

तळटीप | रविवार, सकाळी १०:०३

अगदी. तो तर या धाग्यावर यायलाच हवा. थिंड पंजाबचे, पहिल्या महायुद्धात अमेरिकेच्या सैन्यात. नागरिकत्व त्या वेळी ‘मुक्त गोऱ्या व्यक्तीं’ना आणि आफ्रिकी वंशाच्यांना. थिंड यांनी मागितलं ते पहिल्या दारातून. युक्तिवाद असा की आम्ही आर्य, उच्चवर्णीय, म्हणून कॉकेशियन, म्हणजेच गोरे. आणि वर हेही मांडलं की उच्चवर्णीय हिंदू भारतातल्या आदिवासींकडे तसंच बघतो जसं अमेरिकन माणूस निग्रोकडे. जातीचा गर्व पुरावा म्हणून कोर्टात दाखल! १९ फेब्रुवारी १९२३ ला सर्वोच्च न्यायालयाने एकमताने सांगितलं, पंडित काहीही म्हणोत, सामान्य माणूस ज्याला गोरा समजतो तोच गोरा. तुम्ही नाही.

त्यानंतर ज्या भारतीयांना आधी नागरिकत्व मिळालं होतं त्यांचंही काढून घ्यायला सुरुवात झाली. सॅन फ्रान्सिस्कोचे वैष्णो दास बगई १९१५ मध्ये बायको आणि तीन मुलांसह आले होते, दुकान टाकलं होतं, ब्रिटिश राजवट नको म्हणून अमेरिकन झाले होते. नागरिकत्व गेलं, मालमत्तेवरचा हक्क गेला, भारतात जायचं तर ब्रिटिश पासपोर्ट घ्या म्हणाले. १९२८ मध्ये त्यांनी जीव दिला. वर्तमानपत्रासाठी पत्र लिहून ठेवलं होतं. त्यांच्या पत्नी कला बगई पुढे बरंच जगल्या, बर्कलीत आता एका रस्त्याला त्यांचं नाव आहे.

त्याच सुमाराच्या अमेरिकन जनगणनेत वंशाच्या रकान्यात ‘हिंदू’ हा एक पर्याय होता, त्यात शीख-मुसलमान सगळेच. म्हणजे थिंड यांच्यासारखे शीखही कागदावर ‘हिंदू’ वंशाचे. आणि हिंगाष्टकरावांचा पंडित त्याच ‘हिंदू’ रकान्याकडे पळत होता.

---

बिनआडनावी | रविवार, रात्री ११:५८

पहिल्यांदाच लिहितोय या नावाने.

काकूंच्या सॅमबद्दल लिहायचं होतं, रागाने नाही. काकू, तुमच्या संजयला सॅम झाल्यावर तुम्हाला फोन करता येतो. फरक तेवढाच आहे, पण तेवढाच सगळा आहे.

मी एकोणीस वर्षं अमेरिकेत आहे. माझं आडनाव असं आहे की चार जातींत सापडतं. पहिल्याच वर्षी मंडळाच्या दिवाळीत कोणीतरी विचारलं, “म्हणजे तुम्ही साताऱ्याकडचे का?” मी हो म्हणालो. साताऱ्याकडचेच आहोत. त्यांना जे विचारायचं होतं त्याचं उत्तर त्यांनी त्या ‘हो’त ऐकलं आणि मी दुरुस्त केलं नाही. उंबरठाताईंनी स्टेलाबद्दल लिहिलंय तेच वाक्य. एवढंच घडलं. मी काही ठरवून बसलो नव्हतो.

मग ते पाळावं लागलं. ६ डिसेंबरला सुट्टी घेतो आणि दाताच्या डॉक्टरकडे जायचंय म्हणून सांगतो. आई फोन उचलला की ‘जय भीम’ म्हणते, म्हणून लोकांत असलो तर तिचा फोन उचलत नाही, नंतर करतो. बाबासाहेबांचा फोटो दिवाणखान्यात नाही, आतल्या खोलीत आहे.

आई एकदा सहा महिने राहायला आली होती. शनिवारी मंडळाची चार कुटुंबं जेवायला येणार होती. मी तिला काहीही सांगितलं नव्हतं, शपथेवर सांगतो. संध्याकाळी पाहिलं तर आतल्या खोलीतला फोटो तिने खाली उतरवून, साडीत गुंडाळून स्वतःच्या बॅगेत ठेवला होता. पाहुणे गेल्यावर परत लावला. त्यावर ती काही बोलली नाही, मीही नाही.

माझे आजोबा परळच्या गिरणीत होते. विणकाम खात्यात पगार जास्त, पण तिथे आमच्या लोकांना घेत नसत, कारण कांडी बदलली की तुटलेला धागा तोंडाने ओढून धोट्यातून (शटलमधून) घ्यावा लागे. आमचं तोंड लागलेला धोटा दुसरा कसा धरणार. आजोबा आयुष्यभर कमी पगाराच्या खात्यात राहिले, पण जात चोरली नाही. आणि मी कुठे येऊन चोरली, तर जिथे कोणी धोटा धरत नाही तिथे.

---

खडूस | सोमवार, सकाळी ७:३०

सदस्यकाळ एक दिवस. धागा हलवून सोडायला डुप्लिकेट आयडी (डुआयडी) काढलाय का? असल्या भावुक गोष्टी कोणीही लिहील.

---

दुपारचाचहा | सोमवार, सकाळी ७:४४

खडूस, आज राहू दे.

---

बिनआडनावी | सोमवार, सकाळी ९:००

हो, डुआयडीच आहे. माझ्या मूळ आयडीला तुम्ही सगळे ओळखता. खडूस, तुम्ही माझ्या भरलेल्या वांग्यांना “शेंगदाण्याचा कूट कमी” म्हणून प्रतिसाद दिला होता.

विचार करा, मी हे त्या नावाने का लिहिलं नाही.

---

खडूस | सोमवार, सकाळी ११:२६

शब्द मागे घेतो. माफ करा.

---

उंबरठा | सोमवार, रात्री ९:३५

दिवसभर उत्तर लिहून खोडते आहे. मी त्या बाईंना “नाही” का म्हणाले ते आता कळतंय असं वाटतं. मला विचारलं गेलं ते “तुमच्या देशात”, आणि माझ्या डोक्यात आलं “आमच्यात”. आमच्यात नाही. खरंच नाही, कोणाला कशाला चोरावी लागेल? मी आडनाव सांगितलं की समोरचा खूश होतो. पस्तीस वर्षांत मला हे दिसलंच नाही आणि मी ते ‘नाही’ म्हणून सांगून टाकलं.

आमच्या मंडळातही कोणीतरी दाताच्या डॉक्टरकडे जात असेल.

---

काकू_न्यूजर्सी | सोमवार, रात्री १०:०२

बिनआडनावी, आईची तब्येत कशी आहे? त्या आता कुठे असतात?

---

बिनआडनावी | सोमवार, रात्री १०:४०

काकू, बरी आहे. साताऱ्यालाच. गुडघे दुखतात, पुन्हा येणं जमणार नाही म्हणते. विचारल्याबद्दल थँक्यू. या धाग्यावर तो एकच प्रश्न मला अपेक्षित नव्हता.

---

तळटीप | मंगळवार, सकाळी ८:१५

अमेरिकेपुरती एक नोंद. सिएटल शहराने फेब्रुवारी २०२३ मध्ये जातीवरून भेदभावाला बंदी घातली. कॅलिफोर्नियात तसं विधेयक दोन्ही सभागृहांत मंजूर झालं, पण त्या वर्षीच्या ऑक्टोबरात गव्हर्नरांनी नकाराधिकार वापरला. दोन्ही वेळी विरोध करणाऱ्यांत आपलेच लोक होते आणि त्यांचं एक म्हणणं असं की अमेरिकेत जात उरलेलीच नाही. उंबरठाताईंचं ‘नाही’, फक्त मोठ्या आवाजात.

आणि कादंबरीकडे परत यायचं तर आणखी एक खरी व्यक्ती: बेल डा कोस्टा ग्रीन. जे. पी. मॉर्गन या बड्या बँकरच्या दुर्मीळ ग्रंथांच्या संग्रहाची प्रमुख, न्यूयॉर्कच्या उच्चभ्रूंत वावरणारी. वडील रिचर्ड ग्रीनर, हार्वर्ड महाविद्यालयाचे पहिले कृष्णवर्णीय पदवीधर, समान हक्कांसाठी झगडलेले. आईवडील वेगळे झाले. आई आणि मुलांनी आडनावातला शेवटचा ‘र’ काढला आणि बेलने मध्ये ‘डा कोस्टा’ घातलं, सावळा रंग पोर्तुगीज आजीच्या खात्यावर. (गोव्याचे सभासद हसत असतील.) १९५० मध्ये वारण्याआधी तिने आपली खाजगी कागदपत्रं जाळून टाकली. आयुष्यभर इतरांची हस्तलिखितं जपली आणि स्वतःची जाळली. तिच्यावर कादंबऱ्या आल्या आहेत, पुढेही येतील, कारण त्या राखेत काय होतं हे आता लिहिणाऱ्यालाच ठरवावं लागतं. हा प्रकार ऐतिहासिक कादंबरीसाठीच जणू राखून ठेवलेला: ज्यांनी पुरावा ठेवला नाही अशा माणसांचा इतिहास.

---

दुपारचाचहा | मंगळवार, सकाळी ९:०५

एका ‘र’ने बाप पुसला.

---

उंबरठा | तीन आठवड्यांनी, शुक्रवार, रात्री १०:४८

काल कट्टा झाला. कबूल केल्याप्रमाणे सांगते.

बागुलांच्या अनुवादाच्या चार प्रती दुसऱ्या ग्रंथालयांतून मागवल्या, सगळ्यांनी फक्त शीर्षककथा वाचून आणली. मी सुरुवातीलाच म्हटलं की मागच्या वेळी मी चुकीचं उत्तर दिलं होतं. कोणी विशेष मनावर घेतलं नाही, त्यांना माझं उत्तर आठवतही नव्हतं. त्या आजींना मात्र आठवत होतं.

काशिनाथ सगळ्यांना आवडला. सुऱ्यावर अर्धा तास गेला, इथल्या लोकांना शस्त्राचं भारी. मग मी ‘चोरणे’ समजवायला गेले. शब्दांनी जमेना. शेवटी खुर्चीवर अंग चोरून बसून दाखवलं, खांदे आत, कोपर पोटाशी, पिशवी मांडीवर. आजी बघत होत्या. म्हणाल्या, माझी आई बसमध्ये अशीच बसायची, आणि अलाबामातल्या कुठल्याशा गावाचं नाव घेतलं. मग त्यांच्या एका मावशीबद्दल बोलल्या, जी १९३० च्या दशकात शिकागोला गेली आणि ‘पलीकडे’ झाली. घरात तिचं नाव घ्यायचं नाही असा नियम होता, ती मेली म्हणून नाही, ती उघडी पडू नये म्हणून. आईने बहिणीचं गुपित सांभाळलं आणि बहीण गमावली. ख्रिसमसला एक पत्ता नसलेलं कार्ड यायचं. मग यायचं बंद झालं.

बिनआडनावी, तुम्ही वाचत असाल तर: तुमची गोष्ट मी तिथे सांगितली नाही. ती माझी नाही.

---

काकू_न्यूजर्सी | शुक्रवार, रात्री ११:२०

रडवलंस बाई. संजयला फोन करते आता. (तो उचलणार नाही, ते वेगळं.)

---

हिंगाष्टक | रविवार, संध्याकाळी ७:१५

आमच्या मंडळाचा गणपती काल झाला. पुस्तकांचा स्टॉल दरवर्षी माझ्याकडे असतो. एरवी पाककृती, बालगीतं, पुलं, श्यामची आई. या वर्षी बागुलांच्या सहा प्रती भावाकडून मागवल्या होत्या आणि पुढच्या रांगेत ठेवल्या.

दोन गेल्या. एक एका कॉलेजच्या मुलीने घेतली, तिला मराठी वाचता येतं की नाही शंका आहे, मुखपृष्ठ आवडलं म्हणाली. दुसरी एका ओळखीच्या वहिनींनी उचलली. चाळत म्हणाल्या, “हे तुमच्याकडे वाचतात का?” मी म्हणालो, “आमच्याकडे वडिलांनी वाचून दाखवलं होतं.” त्यांनी शीर्षक पुन्हा वाचलं. मग विचारलं, आमच्याकडे म्हणजे? सांगितलं.

पुस्तक त्यांनी ठेवून दिलं नाही. पैसे दिले, माझ्याकडे सुटे नव्हते म्हणून थांबल्या. पुढे काय बोलायचं ते दोघांनाही सुचेना. तेवढ्यात आरती सुरू झाली, त्या टाळ्या वाजवत तिकडे गेल्या, मी उरलेल्या प्रती सरळ करत बसलो. रात्री आईला फोन केला, हॉलमधूनच, सगळे खुर्च्या आवरत असताना.

खडूस, वांग्यांत कूट वाढवून पाहिला. तुमचं बरोबर होतं.

लॉगिन चुकलेलं नाही.